तिसऱ्या मंगळवारचा धूर

त्या पंधरवड्यात मालुबाईला एका जागी बसवेना. पीठ मळता मळता ती उठायची, परसात जाऊन यायची, आणि परत येईतो पीठ वाळलेलं असायचं. भाचेसून सौम्या म्हणायची, आत्या, तुम्ही बसा, मी थापते. पण बसायचं तेच तर जमत नव्हतं. पंच्याहत्तरीला टेकलेली बाई, गुडघे कुरकुरत होते, तरी सकाळ झाली की पायात चप्पल घालून ती गल्लीत निघायची आणि कुणाच्या दारात थांबावं हे न कळून परत यायची.

कारण झालं होतं ते तिसऱ्या मंगळवारी.

गाव बेळगावजवळ, सांबऱ्याच्या अंगाला, विमानतळाच्या कुंपणापासून चार शेतं पलीकडे. दर वर्षी वैशाखात देवीची यात्रा, आणि यात्रेआधी पाच मंगळवार वार पाळायचे. वाराच्या दिवशी गावात चूल पेटवायची नाही, केर काढायचा नाही, कांडण-दळण नाही, औत जुंपायचं नाही. तिसऱ्या मंगळवारी तर अख्खं गावच बाहेर पडतं. उजाडायच्या आत घरांना कुलपं लावायची, गुरंढोरं, म्हातारीकोतारी, तान्ही पोरं, सगळ्यांना घेऊन तळ्याकाठच्या माळावर जायचं. तिथं तीन दगड मांडून रांधायचं, जेवायचं, झाडाखाली लवंडायचं, आणि दिवेलागणीला देवीला हाक घालून परत यायचं. तो दिवस गाव देवीचं. ती एकटी गल्ल्यांतून फिरते म्हणतात. त्या वेळी गावात माणूस नसावा, आवाज नसावा, धूर नसावा. डोक्यावरून विमान जातं तेव्हा माळावरचा एखादा म्हातारा हटकून म्हणतो, आता ह्याला वार पाळायला कोण सांगणार.

त्या दिवशी जेवणं उरकून बायका भांडी विसळत होत्या. शेजारची मंगल हात पुसत उभी राहिली आणि गावाकडं बघतच राहिली. मग सगळेच उठले. कौलांच्या वर, फणसाच्या शेंड्यालगत, धुराची एक बारीक रेघ सरळ आभाळात चढत होती. वारा नव्हता. रेघ जराही हलत नव्हती. फणस गावात पुष्कळ, पण तिरका वाढलेला एकच, मालुबाईच्या भावाच्या, परशरामच्या परसातला. दोघा-चौघांनी मोबाइलवर फोटो काढले. गावात शिरून बघून यावं तर तेही वार मोडणंच, म्हणून कुणी गेलं नाही. थोड्या वेळानं रेघ विरली. मग माणसं आपापसांत बघू लागली, कोण आहे आणि कोण नाही. नव्हता तो एक परशरामच.

तासाभरानं तो काजूच्या बागेकडून आला. डोळे लाल, आवाज बसलेला. यात्रा कमिटीच्या मारुतीरावांनी विचारलं, कुठं गेलतास रं? तो म्हणाला, पाठांतर करत होतो. माळावर हशा पिकला. तीस वर्षं जे काम करतोस त्याचं पाठांतर कशाला, असं कुणीतरी म्हणालं, आणि ते खरंच होतं.

आता हे काम कुठलं, ते सांगायला हवं. यात्रेच्या दुसऱ्या दिवशी गावात नाटक होतं. दर वर्षी एकच. गावातल्याच कुणा आजोबा-पणजोबानं कधीतरी रचलेलं, कुठं छापलेलं नाही, एकाच्या तोंडून दुसऱ्याच्या तोंडी आलेलं. भिवा नावाचा गुराखी. देवळातली चांदीची घंटा नाहीशी होते आणि आळ भिवावर येतो. पाटील त्याला खांबाला बांधतो, गाव त्याच्यावर थुंकतं, बायको माहेरी जाते, तो उपाशीतापाशी राहतो, पण केलं नाही ते केलं असं म्हणत नाही. शेवटी घंटा झाडाच्या ढोलीत सापडते. पाटील भर सभेत आपला फेटा काढून भिवाच्या पायावर ठेवतो. त्या वेळी गावात असं घर नाही की ज्यातलं कुणी रडत नाही.

मालुबाईच्या लहानपणी भिवा तिचा बाप व्हायचा. तेव्हा गॅसबत्त्या लावायचे, बायका पोत्यावर बसायच्या, आणि बत्तीचा फसफसता आवाज आणि हुंदके ह्यांतलं कुठलं काय ते कळायचं नाही. बापानंतर ते काम परशरामकडं आलं. तो तेव्हा उद्यमबागेतल्या फाउंड्रीत साचे भरायचा. पाळी संपवून, नखांत काळी माती घेऊनच तालमीला यायचा. भिवाच्या हाताला ती माती शोभून दिसते, असं बायका म्हणत. नाटकाच्या दुसऱ्या दिवशी एक रीत होती. भिवा नाटकात उपाशी राहिलेला, म्हणून प्रत्येक घरातून त्याला पहिला घास द्यायचा. परशराम गल्लीगल्लीतून जायचा आणि दारादारात सवाष्णी भाताचा घास घेऊन उभ्या असायच्या. म्हाताऱ्या त्याच्या तोंडावरून हात फिरवून म्हणायच्या, लई सोसलंस रं बाबा. जसं काही खरंच सोसलं होतं.

त्याच परशरामला त्या मंगळवारी दिवेलागणीनंतर देवळाच्या कट्ट्यावर बोलावणं आलं.

मालुबाई बायकांत बसली होती. मारुतीराव यात्रा कमिटीचे अध्यक्ष, आणि नाटकातले पाटीलही तेच. त्यांनी चांगल्या शब्दांत विचारलं. म्हणाले, चहाची तल्लफ आली असंल, पेटवली असशील चूल, माणसाकडून होतं. फक्त खरं सांग. परशराम उठला. त्याचा हात आपोआप छातीवर गेला, एक गुडघा वाकला, आणि तो म्हणाला, "आईच्या पायाची आण, म्या न्हाय गेलतो."

मागून कुणीतरी शिट्टी मारली.

आणि मग ते झालं, जे मालुबाईच्या डोक्यातून पुढं कितीतरी दिवस जाईना. नाटकात भिवा आण घेतो तेव्हा हात तसाच छातीवर असतो, गुडघा तसाच वाकतो, आवाज तसाच फाटतो. आणि त्यावर पाटलाचं एक ठरलेलं उत्तर आहे. मारुतीरावांनी वीस वर्षं ते दिलेलं. सवयीनं त्यांच्या तोंडातून ते निघून गेलं, अगदी नाटकातल्यासारखं, मिशीवर बोट ठेवून.

"आण घेऊन पाप धुतलं जात न्हाय, भिवा."

सगळा कट्टा हसला. मारुतीरावही हसले, जरा ओशाळून. परशरामसुद्धा क्षणभर हसला, आणि तीच त्याची चूक झाली असं मालुबाईला वाटलं. कारण हसू ओसरल्यावर कुणी पुन्हा विचारलंच नाही. विचारून झालं होतं, उत्तर मिळालं होतं, निकालही लागला होता. परशरामनं आणखी दोनदा तोंड उघडलं. पण तो रडवेला होऊन बोलला की लोकांना भिवा दिसायचा, आणि न रडता बोलला की लोक म्हणायचे, बघा, खरं बोलायची वेळ आली तर रडूसुद्धा येत न्हाय. मागं एकजण दुसऱ्याला हळूच म्हणाला, काम मात्र झकास करतो हां. कमिटीनं ठरवलं की पाचव्या मंगळवारपर्यंत त्यानं देवीपुढं नारळ ठेवावा, चुकलो म्हणावं, आणि विषय संपवावा.

घरी आल्यावर मालुबाईनं एक गोष्ट केली. परसातल्या पडवीत पाणी तापवायची चूल होती. ती तिथं गेली, वाकली आणि चुलीच्या राखेत हात घातला. राख कोमट होती. पण चैत्राचा दिवस, दिवसभर तापलेला पत्रा वर, तिथं दगडसुद्धा कोमट असतो. गरम म्हणावं तर गरम नाही, गार म्हणावं तर गार नाही. तिनं हात काढला आणि वळून बघितलं, तर दारात परशराम उभा होता. तिच्या राखेनं भरलेल्या हाताकडं बघून तो आत गेला.

तिथून तिची झोप गेली आणि पायांना भिंगरी लागली.

हा भाऊ तिच्या कडेवर वाढलेला. ती अकाली विधवा होऊन माहेरी आली तेव्हा तो शाळेत होता. पुढं त्याची बायको गेली तेव्हा त्याचं पोर तिनंच वाढवलं. तो खोटं बोलला की तिला कळायचं, असं ती सगळ्यांना सांगायची. आता ते आठवून पाहिलं तर तिच्या ध्यानात आलं की तो खोटं बोलल्याचं तिला नेहमी मागाहून, दुसऱ्या कुणीतरी सांगितल्यावर कळलं होतं.

दोन दिवस तो तिच्याशी बोलला नाही. तिसऱ्या दिवशी तीच त्याच्या बाजेपाशी जाऊन उभी राहिली. बागेत काय करत होतास, एवढंच विचारलं. तेव्हा त्यानं सांगितलं की आवाज आता वर चढत नाही. खांबाला बांधल्यावरची ती लांबलचक विनवणी म्हणताना मधेच दम तुटतो. यंदा ती हळू आवाजात म्हणून बघावी, असं त्याच्या मनात होतं, आणि ते लोकांसमोर करून बघायची लाज वाटत होती. म्हणून बागेत गेलो, काजूच्या झाडाला पाठ लावून उभा राहिलो, म्हणाला. त्याच्या अंगठ्यानं बाजेचा काथ्या उकरणं चाललं होतं. मालुबाईला ते खरं वाटलं. आणि लगेच असंही वाटलं, की हे किती छान सांगितलं ह्यानं.

ह्याच विचारानं तिला घरात थांबवेना. ती बाहेर पडायची, आणि बाहेर सगळे एकच बोलायचे. नारळ ठेवला की झालं. मंगल भिंतीवरून म्हणायची, आक्का, एवढं काय त्यात, आमच्या ह्यांनी दारू पिऊन देवळात लोळल्याबद्दल तीनदा ठेवलाय. भाचा सौरव कामावरून आला की मोबाइल पुढं धरायचा. गावच्या ग्रुपवर तो धुराचा फोटो अजून फिरत होता आणि खाली लोकांनी नाटकातली वाक्यं लिहिली होती. सौरव चिडायचा तो लोकांवर नाही, बापावर. "दोन मिनिटांचं काम हाय, अण्णा. केलं नसलं तरी ठेवा की. देवीलाच ठेवायचा हाय, कुणाच्या बापाला न्हवं." परशराम भिंतीकडं तोंड करून पडायचा.

तेवढ्यात गावात जे जे बिघडलं ते परशरामच्या खाती जमा होऊ लागलं. ट्रान्सफॉर्मर उडाला. कुणाची म्हैस गाभडली. बेळगावला जाणारी सकाळची बस दोन दिवस आलीच नाही, तीही वार मोडल्यामुळंच. लोक हे हसत हसत बोलायचे, पण हसताना एकमेकांकडं बघायचे नाहीत. नाटकासाठी भिवाचं काम नागेंद्र नावाच्या तरण्या मुलाला द्यायचं बोलणं सुरू झालं. नारळ न ठेवता परशराम स्टेजवर चढला तर देवी खपवून घेणार नाही, असं मारुतीराव म्हणाल्याचं कानावर आलं.

एका दुपारी मालुबाई तळ्याच्या बांधावर जाऊन उभी राहिली, जिथून तो धूर दिसला होता तिथं. गाव दिसत होतं, तिरका फणस दिसत होता. आणि फणसाच्या मागं, त्याच रेषेत, आणखी किती घरं होती. मंगलचं होतं, गिरणीवाल्यांचं होतं, भाताच्या कोंड्याचा ढीग होता, जो आतल्या आत आठ-आठ दिवस धुमसतो. ह्यातलं काहीही असेल. किंवा परशरामची चूलच असेल. ती तिथं उन्हात कितीतरी वेळ उभी राहिली आणि तिला नाटकाचा पहिला प्रवेश आठवला.

पहिल्या प्रवेशात देऊळ रिकामं असतं आणि माकडाचं सोंग घेतलेला एकजण उड्या मारत येतो. प्रेक्षकांना वाकुल्या दाखवतो, घंटा काढून घेतो, ढोलीत टाकतो आणि खाजवत निघून जातो. पोरं हसून लोळतात. म्हणजे भिवा स्टेजवर येण्याआधीच सगळ्या गावाला ठाऊक असतं की त्यानं घेतलेली नाही. मग पाटील त्याला बांधतो तेव्हा गाव पाटलावर चिडतं, भिवासाठी रडतं. रडायला काय जातंय, मालुबाईच्या मनात आलं. माकड आपल्याला दाखवलेलं असतं. भिवाच्या गावाला ते कुणी दाखवलं होतं? त्यांना फक्त घंटेची रिकामी कडी दिसली आणि तिथून जाणारा एक माणूस. आपण त्या गावात असतो तर थुंकणाऱ्यांतच असतो. आयुष्यभर ती भिवाच्या बाजूनं रडत आली होती, आणि आता पहिल्यांदाच पहिला प्रवेश न बघता तिला भिवा बघायचा होता.

तिला काही सापडलं नाही. ती परत आली.

पाचव्या मंगळवारच्या आदल्या दिवशी मारुतीराव स्वतः घरी आले. परशराम मागच्या दारानं निघून गेला. मारुतीरावांनी चहा घेतला, पायाच्या दुखण्याचं विचारलं, सौम्याच्या माहेरची, खानापूरची, चौकशी केली. मग मालुबाईला म्हणाले की मलाही हे बरं वाटत नाही. त्याच्याशिवाय नाटकाला रंग यायचा नाही, नागेंद्र नुसता ओरडतो. "तू थोरली हाईस, आक्का. त्याच्या वतीनं तू ठेव नारळ. घराकडून चूक झाली म्हण, त्याचं नावसुद्धा घेऊ नको. त्याला कळायचीही गरज न्हाय. म्या सगळ्यांना सांगतो मिटलं म्हणून." जाताना ते दारात थांबले आणि हळूच म्हणाले की त्या दिवशी ते वाक्य तोंडातून निघून गेलं, मुद्दाम म्हटलं नव्हतं.

मालुबाई रात्रभर कुशी बदलत राहिली. हे सोपं होतं. कुणाचं काही जाणार नव्हतं. परशरामला त्याचं काम मिळेल, दारादारात घास मिळतील, सौरवचा मोबाइल गप्प होईल. आणि त्यानं चूल पेटवली असलीच, तर चूकही फिटेल. दोन्ही बाजूंनी फायदाच.

सकाळी आंघोळ करून, नारळ पदराखाली घेऊन ती देवळात गेली. वार असल्यामुळं सगळं गाव रिकामटेकडं होतं, कट्टा भरलेला होता. तिला नारळ घेऊन येताना बघून बोलणं थांबलं. मारुतीरावांनी पुजाऱ्याला खूण केली आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा बेतानं खाकरले.

मालुबाई गाभाऱ्यापुढं उभी राहिली. घराकडून चूक झाली. तीन शब्द होते. तिनं ते वाटेत म्हणून पाहिले होते. तोंड उघडलं, आणि तिला त्या शब्दांमागं बाजेवर भिंतीकडं तोंड करून पडलेली एक पाठ दिसली. नाटकाच्या दिवशी तो स्टेजवर चढेल, आवाज चढणार नाही, तरी खांबाला बांधून घेईल आणि केलं नाही ते केलं म्हणणार नाही. आणि समोर बसलेल्या सगळ्यांना ठाऊक असेल की त्याच्या घरानं म्हटलं.

तिनं नारळ खाली ठेवला. वळली. गुडघ्यात कळ आली म्हणून खांबाचा आधार घेतला.

"ही ओटी हाय देवीची," ती म्हणाली. "चुकीचा नारळ न्हाय. माझा भाऊ गावात गेला न्हवता."

मग मारुतीराव म्हणाले, आवाज न चढवता, "तू बघितलंस व्हय, आक्का?"

"न्हाय."

"मग?"

"तुमी बघितलासा काय त्याला गावात?"

"धूर बघितला."

"मग धुराला नारळ ठेवायला सांगा."

मागच्या बायकांत कुणीतरी फिसकन हसलं आणि गप्प झालं. मारुतीरावांचा चेहरा लाल झाला. ते म्हणाले की असं असेल तर नागेंद्रच भिवा होईल, कमिटीचा नाइलाज आहे, मग आमच्यावर राग धरू नका. मालुबाई म्हणाली, "राग कश्याचा. करा की नाटक. माकड आलं की रडायला सुरवात करा." आणि ती पायऱ्या उतरली. कट्ट्यावरच्या माणसांनी पाय बाजूला घेऊन तिला वाट दिली, पण नेहमीसारखं, जपून आक्का, असं कुणी म्हटलं नाही. मंगल तेवढी उठून दोन पावलं तिच्यामागं आली, मग नवऱ्यानं बघितलं तशी थांबली.

घरी पोचेतो बातमी आधीच पोचली होती. सौरव ओट्यावर मोबाइल हातात घेऊन उभा होता. आता ह्या गावात तोंड कसं दाखवायचं, असं काहीसं तो बोलला आणि मोटरसायकलला किक मारून निघून गेला. सौम्यानं पाण्याचा तांब्या दिला. दोन्ही हातांनी दिला.

परशराम परसात फणसाखाली बसला होता. मालुबाई जवळ जाऊन उभी राहिली.

"तुला कसं ठाऊक, आक्का?" त्यानं विचारलं.

"काय?"

"म्या गेलो न्हवतो ते."

खोटं सांगणं सोपं होतं. बहिणीला कळतं, असं म्हटलं असतं तर त्याला बरं वाटलं असतं.

"मला ठाऊक न्हाय," ती म्हणाली.

त्यानं मान वर केली. कितीतरी दिवसांनी त्यानं तिच्याकडं सरळ बघितलं. त्याचा हात छातीकडं जाऊ लागला होता, तो त्यानं मधेच थांबवला आणि गुडघ्यावर ठेवला.

"गेलो न्हवतो," तो म्हणाला. साध्या आवाजात, उद्याची बस किती वाजता आहे हे सांगावं तसं.

"बरं," मालुबाई म्हणाली.

तिला काहीतरी करायला हवं होतं. हात शिवशिवत होते. पण वार होता. झाडायचं नव्हतं, चूल पेटवायची नव्हती, सूप हातात घ्यायचं नव्हतं. देवळाकडून स्पीकर तपासायचा आवाज येऊ लागला, हॅलो, हॅलो, आणि मग नागेंद्रच्या गळ्यातून भिवाची विनवणी, फार मोठ्यांदा. परशरामनं ऐकलं. एका ठिकाणी त्याचे ओठ हलले, मग त्यानं ते मिटले. मालुबाई दारापर्यंत गेली, परत आली, पुन्हा दारापर्यंत गेली. शेवटी भावानं अंगाखालचं पोतं ओढून अर्धं मोकळं केलं, तशी ती पाय पसरून त्याच्या शेजारी बसली.

यात्रा अजून व्हायची होती. नाटक व्हायचं होतं, आणि त्याच्या दुसऱ्या दिवशी दारादारात नागेंद्रला घास मिळायचे होते. ते सगळं ह्या परसात ऐकू येणार होतं.

"रताळी हाईत कालची उकडलेली," मालुबाई म्हणाली. "आणू?"

"आण," परशराम म्हणाला. पण ती लगेच उठली नाही.